टेपवाली, नाटकवाली आणि बी बाजूची पेटी: एक प्रकरण अभ्यास

ती जुन्या कॅसेटींच्या एका ध्वनिसंग्रहात काम करते आणि नाटकात कामं करते. संग्रहातले लोक तिला ‘नाटकवाली’ म्हणतात आणि तालमीत तिचं नाव ‘टेपवाली’. दोन्हीकडे थोडं प्रेमानं, थोडं ‘ही पूर्ण आपली नाही’ अशा सुरात. तिचं खरं नाव इथे देत नाही, कारण प्रकरणात आणखी एक घर गुंतलेलं आहे. मी गेली पंचवीस वर्षं नाटकांचं ध्वनिसंयोजन करतो. संग्रहातली नोकरी तिला मीच सुचवली होती आणि ज्या नाटकावरून हे सगळं घडलं त्याच्या आवाजाच्या टेबलावरही मीच बसत होतो. त्यामुळे तक्रार आली तेव्हा दोन्हीकडचे फोन माझ्याच खिशात वाजले. मी तटस्थ नाही, हे आधीच सांगून टाकतो.

नाट्यशास्त्र शिकणारी मुलं भेटली की हमखास विचारतात, ‘सर, ती दोन्ही कशी करते? आम्हाला जमेल का?’ त्यांना तोंडी सांगताना मी प्रत्येक वेळी गोष्ट थोडी गोड करत गेलो, असं माझ्या लक्षात आलं. म्हणून एकदा लिहून काढतोय.

तेव्हा ती तिशीची होती, राहायला डोंबिवलीला. कॉलेजात एकांकिका केल्या, मग प्रायोगिक नाटकं. सहा वर्षं गाणं शिकली होती आणि नंतर सोडलं होतं. प्रायोगिकमध्ये प्रयोगाला सातशे रुपये आणि वडापाव मिळायचा. महिन्याचा रेल्वे पास निघाला तरी नशीब. सिरियल करावी तर मढला नाहीतर घोडबंदरला सेटवर दिवस दिवस बसायचं आणि तालमीवर पाणी सोडायचं. अधूनमधून डबिंग मिळायचं, पण त्याचा नेम नसे. त्याच सुमारास दादर पूर्वेला एका खासगी ट्रस्टच्या ध्वनिसंग्रहाला जुन्या कॅसेटी उतरवून घ्यायला माणूस हवा होता. आठवड्याचे तीन दिवस, अकरा ते सहा, महिना चोवीस हजार. तालीम परळला संध्याकाळी सातला. कागदावर हे वेळापत्रक इतकं चपखल बसलं की मला माझंच कौतुक वाटलं.

तशी ही जोडी मुंबईला नवी नाही. मुंबईचं नभोवाणी केंद्र २३ जुलै १९२७ ला सुरू झालं आणि पुढे श्रुतिकांनी, म्हणजे रेडिओवरच्या नाटकांनी, नाटकातल्या कितीतरी मंडळींची चूल पेटती ठेवली. पु. ल. देशपांडे आकाशवाणीत नोकरीला होते. डॉ. अशोक दा. रानडे यांनी नरिमन पॉइंटच्या एनसीपीए या कलाकेंद्रात बसून संगीताचं संशोधन केलं आणि आवाज कसा घडवायचा यावरही शिकवलं. फरक एवढाच की ते लोक नवा आवाज घडवायला जायचे. ही जुना सांभाळायला गेली.

सांभाळायचा म्हणजे काय, हे थोडं जवळून सांगतो, कारण पुढची सगळी भानगड तिथेच आहे.

कॅसेट हातात आली की आधी ती कानाशी नेऊन हलवायची. आत काही खुळखुळलं तर समजायचं, फेल्टची चिमुकली गादी निसटली आहे. ही गादी टेपला हेडवर, म्हणजे मशीनच्या टेप वाचणाऱ्या भागावर, दाबून धरते. ती नसली की आवाज दूरच्या खोलीतून आल्यासारखा येतो. मग खिडकीतून टेपच्या गुंडाळीची कड बघायची. पांढरट पावडर दिसली तर बुरशी. मुंबईच्या चार पावसाळ्यांत कपाटात राहिलेली कॅसेट बहुधा पांढरी झालेलीच असते, आणि ती मशीनमध्ये घातली तर मशीनलाही लागण होते. बुरशी नसेल तर हेड आयसोप्रोपिल अल्कोहोलनं पुसायचं, कॅसेट एकदा पूर्ण पुढे-मागे फिरवायची आणि मग बारीक स्क्रूड्रायव्हरनं हेडचा कोन जुळवायचा. स, श, च ही अक्षरं कुठे सर्वांत स्वच्छ येतात ते कानानं शोधायचं आणि हात तिथेच थांबवायचा. दर कॅसेटला हा कोन वेगळा, कारण ती भरणारं मशीन वेगळं. त्यानंतर चालू करायची आणि बसायचं. साठ मिनिटांच्या कॅसेटला साठ मिनिटं लागतातच, भरभर उतरवायची सोय नाही. ९६ किलोहर्ट्झ, २४ बिट, डब्ल्यूएव्ही फाइल. स्टीरिओत तासाला साधारण दोन जीबी.

आणि एक नियम: मूळ प्रतीला हात लावायचा नाही. खरखर काढायची नाही, आवाज वाढवायचा नाही, खोकला कापायचा नाही. लोकांना ऐकायला द्यायची प्रत वेगळी करायची, सुधारणा काय करायच्या त्या तिच्यावर. आलं तसं ठेवायचं. नटाची शिकवण याच्या बरोबर उलटी असते. त्याला आलं तसं ठेवता येत नाही, त्यात स्वतःला घालावं लागतं. पहिले दोन महिने ती मला रोज रात्री फोन करून सांगायची, ‘दादा, नुसतं ऐकून गप्प बसायचं म्हणजे शिक्षा आहे हो.’

तिसऱ्या महिन्यात ती कॅसेट आली. सी-६०, वर बॉलपेननं ‘खानावळ, परळ, ८२’ एवढंच.

१८ जानेवारी १९८२ ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली गिरण्यांचा संप सुरू झाला. अडीच लाखांच्या आसपास कामगार बाहेर पडले आणि तो संप रीतसर मागे असा कधी घेतलाच गेला नाही. त्या काळात एक कॉलेजातला मुलगा बॅटरीवर चालणारा टेपरेकॉर्डर घेऊन परळ-लालबागच्या चाळींमधून फिरत होता. आता ते निवृत्त प्राध्यापक आहेत. त्यांनी चाळीसेक कॅसेटी संग्रहाला दिल्या, सोबत एक कागद: ‘अभ्यासासाठी, संग्रहात बसून ऐकण्यासाठी.’ या कॅसेटमधल्या बाईचं नाव त्यांना आठवत नव्हतं.

खानावळ म्हणजे पाटी लावलेलं हॉटेल नव्हे. गावाकडे बायकापोरं ठेवून आलेल्या गिरणी कामगारांना एखादी बाई आपल्याच दहा बाय दहाच्या खोलीत दोन वेळचं जेवू घालायची आणि पगाराला हिशेब व्हायचा. अशाच बायकांना एकत्र आणून प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. संपात पगारच थांबला, तेव्हा खानावळवालीनं काय करायचं? कॅसेटमधली बाई तेच सांगते. साताऱ्याकडची बोली, अधूनमधून भांड्याचा आवाज, मागे चाळीतलं भजन. उधारी किती चढली ते ती मोजून सांगते आणि मग म्हणते, ‘पोटाला पगाराची तारीख कळत न्हाई.’ संग्रहाच्या तक्त्यात आमच्या टेपवालीनं नोंद केली: ‘स्त्री, अंदाजे ४०, खानावळचालक, नाव अज्ञात.’

योगायोग म्हणा की आमचं दुर्दैव, नेमकं तेव्हाच गिरणगावावरचं एक नवं नाटक उभं राहत होतं आणि तिच्या वाट्याला त्यात खानावळवाल्या मावशीची भूमिका आली होती.

नोंदी भरायच्या म्हणजे कॅसेट पुन्हा पुन्हा ऐकावी लागते. कितव्या मिनिटाला कोणता विषय, कुठे आवाज बुडतो, कुठे दुसरं कुणी बोलतं, सगळं लिहायचं. ती कॅसेट तिनं अकरा वेळा ऐकली. एकही फाइल बाहेर नेली नाही. पेनड्राइव्हला त्या खोलीत मनाईच आहे. नेलं ते घशातून नेलं. तालमीत एका शनिवारी ती मावशी म्हणून बोलायला लागली आणि सगळे गप्प झाले. बारीक, चढा, जरा घाईचा आवाज, वाक्याच्या शेवटी श्वास गिळण्याची लकब. दिग्दर्शक म्हणाला, ‘हेच ठेव.’ लेखकानं काही जागा मोकळ्या सोडल्या होत्या, तिथे तिनं पगाराच्या तारखेचं ते वाक्य घातलं. कुठून आलं असं कुणी विचारलं नाही. मीही नाही. एक कबुली इथेच देऊन टाकतो: पन्नाशी उलटलेल्या, चुलीच्या धुरात उभं आयुष्य गेलेल्या बाईचा आवाज इतका बारीक कसा, हे तालमीत माझ्या कानाला टोचलं होतं. मी त्याला ‘शैली’ म्हणून सोडून दिलं. हयात आवाजात गेलेल्या माणसानं हे करायला नको होतं.

तिसऱ्या प्रयोगानंतर मी विंगेत केबल गुंडाळत होतो. पंचावन्न-साठचे एक गृहस्थ आत आले, हातात छत्री. तिच्यासमोर उभे राहून म्हणाले, ‘ताई, तुम्ही कुणाच्या?’

तिला कळेना. ‘म्हणजे, काका?’

‘म्हंजे आमच्या म्हातारीला तुम्ही कुठं बघितलंत? पोटाला पगाराची तारीख कळत न्हाई, हे आमची आजी म्हणायची. दुसऱ्या कुणाच्या तोंडून आख्ख्या परळात मी ते ऐकलं नाही.’

ती खाली बसली. रंग पुसायचा कापूस हातातच राहिला. खोटं बोलायला जागा होती. अशी म्हण कुठेही ऐकली असं सांगता आलं असतं. तिनं सगळं खरं सांगितलं. कॅसेट आहे, आजींचा आवाज आहे, मी रोज ऐकते. ते बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, ‘आवाज आहे? तिचा?’ आणि जाता जाता, दारातून वळून: ‘पण ती एवढी भरभर नव्हती बोलत हो. आणि बारीक तर अजिबात नाही. घोगरी होती आमची आजी.’

दुसऱ्या दिवशी तिनं संग्रहप्रमुखांना स्वतःहून सांगितलं आणि तिथून माझे फोन सुरू झाले.

संग्रहप्रमुखांचं म्हणणं असं, की ही चोरी आहे. फाइल नेली नाही म्हणून काय झालं? कामाच्या वेळेत, कामाच्या विश्वासावर ऐकलेली गोष्ट तिकीट लावून विकली. दिग्दर्शकाचं म्हणणं, की नट लोकलमध्ये रोज माणसं उचलतो, तेव्हा कुणाची परवानगी घेतो? याला निरीक्षण म्हणतात. मला दोघंही अर्धे बरोबर वाटले आणि आजही वाटतात. तिनं सूर उचलला, श्वास उचलला, इथवर ते निरीक्षणच होतं. ज्या दिवशी वाक्य उचललं त्या दिवशी ती उसनवारी झाली, आणि उसनं घेताना घरच्यांना सांगायचं असतं. लोकलमधल्या बाईला निदान आपण चारचौघांत बोलतोय हे माहीत असतं. आजी आपल्या खोलीत एका कॉलेजच्या पोराशी बोलत होत्या.

कायद्याची पुस्तकंही उघडून झाली. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातल्या कलम ३८ नुसार सादरकर्त्याचा हक्क सादरीकरणाच्या पुढच्या वर्षापासून ५० वर्षं चालतो, आणि २०१२ च्या दुरुस्तीनं त्याला श्रेय मिळण्याचा नैतिक हक्कही जोडला. पण भाकऱ्या थापता थापता मारलेल्या गप्पांना ‘सादरीकरण’ म्हणायचं का, यावर माझा एक वकील मित्र चहाच्या दोन फेऱ्या संपेपर्यंत भांडला. मला त्या वादाचा कंटाळा आला. काकांचा प्रश्न कायद्याचा नव्हताच. त्यांचा प्रश्न होता: ती एवढी भरभर नव्हती बोलत.

तो प्रश्न टेपवालीच्या डोक्यातून जाईना. तिनं कॅसेट बाराव्यांदा लावली, आणि या वेळी आजींना सोडून मागचं भजन ऐकलं.

बी बाजू. चाळीतल्या कुठल्याशा खोलीत भजन चालू आहे, टाळ आहेत, पेटी आहे. बाजू सुरू होते तेव्हा पेटीचा षड्ज, म्हणजे ‘सा’, काळी एक या पट्टीवर. तिनं मोबाइलवर सूर लावून ताडून पाहिलं. दहा मिनिटांनी पांढरी दोनच्या आसपास. बाजू संपताना काळी दोन, म्हणजे दोन पट्ट्या वर. गाणारा माणूस चढेल, भजनी मंडळ रंगात येऊन सगळंच्या सगळं चढेल. पण पेटी चढत नाही. पितळी पात्यांचं वाद्य. घासून जुळवलेला सूर अर्ध्या तासात दोन स्वर वर जात नाही. म्हणजे चढत होती ती टेप.

कारण साधं होतं. रेकॉर्डरचे सेल उतरत गेले. सेल उतरले की मोटर मंदावते, टेप हळू सरकते, आणि अशी भरलेली टेप नंतर नेहमीच्या वेगानं वाजवली की सगळं भरभर आणि बारीक ऐकू येतं. दोन काळ्यांमधलं अंतर म्हणजे वेगात जवळजवळ बारा टक्के फरक. बी बाजूच्या शेवटी, जिथे ते पगाराचं वाक्य आहे, तिथे आजी सर्वांत ‘तरुण’ होत्या. आणि आमच्या नटीनं नेमकी तीच पाच मिनिटं घोटून घोटून पाठ केली होती.

नाटकवाले पाहुणे मुलाखतीत हमखास म्हणतात, की अशा नोकरीमुळे अभिनयात अस्सलपणा येतो. माझ्या अनुभवात नोकरीनं तिला चुकीचा आवाज दिला, तो रंगमंचावर गेला म्हणून चूक पकडली गेली, आणि कारण सापडलं ते तिसऱ्याच ठिकाणी, सोडून दिलेल्या गाण्यात. एखादा नुसता तंत्रज्ञ असता तर ती नोंद ‘अंदाजे ४०’ म्हणून कायमची राहिली असती. नुसती नटी असती तर ‘माझी मावशी अशीच बोलते’ म्हणून मोकळी झाली असती.

मूळ प्रत तशीच ठेवली. ऐकायच्या प्रतीचा वेग तिनं तुकड्या-तुकड्यानं, पेटीचा षड्ज एका जागी धरून उतरवला. तीस मिनिटांची बाजू जवळपास बत्तीस मिनिटांची झाली. मग काकांना बोलावलं. ते धाकट्या भावाला घेऊन आले. हेडफोन लावल्यावर काका पहिली पाच मिनिटं नुसते मान हलवत होते. ‘आता आली,’ म्हणाले. आजींचं तेव्हाचं वय त्रेसष्ट, गाव कोरेगाव तालुक्यातलं, आणि नाव. तक्त्यातलं रिकामं घर भरलं.

इथे गोष्ट संपली असती तर मलाही आवडलं असतं. पण ए बाजूला तीनेक मिनिटं अशी आहेत की आजी आपल्या मुलाबद्दल, म्हणजे या दोघांच्या वडिलांबद्दल बोलतात. दारू, आणि गहाण पडलेलं मंगळसूत्र. धाकट्या भावानं हेडफोन काढून टेबलावर ठेवला. ‘हे पुसून टाका.’ काका म्हणाले, ‘खोटं आहे का त्यात काही?’ दोघं आमच्यासमोरच भांडले. संग्रहप्रमुखांचं मला त्या दिवशी खरंच कौतुक वाटलं. त्यांनी शांतपणे सांगितलं, की पुसणार नाही, पण पंचवीस वर्षं बंद ठेवू. कुणालाही, अभ्यासकालाही, ऐकवणार नाही. धाकट्यानं सही केली, पण नाटकाला तो शेवटपर्यंत आला नाही. काकांची अट वेगळी होती: वाक्य ठेवा, पण तिसऱ्या घंटेआधी आजीचं नाव घ्या. ते आम्ही प्रत्येक प्रयोगाला घेतलं.

आता एक गोष्ट जी मुलांना सांगताना मी नेहमी गाळत आलो. दुरुस्त केलेल्या आवाजात तिनं मावशी पुन्हा बसवली, घोगरी, संथ. आणि पहिले दोन प्रयोग पडले. नाटक चार मिनिटांनी लांबलं, विनोदाच्या जागा हुकल्या, समोरचा नट तिच्या थांब्यांमध्ये अडखळायला लागला. खरं सांगायचं तर रंगमंचावर मला तो चुकीचा आवाज जास्त आवडत होता. दिग्दर्शकालाही. ती ऐकेना. सहाव्या-सातव्या प्रयोगापासून जमलं, पण ‘पूर्वी छान करायचीस’ असं म्हणणारे शेवटपर्यंत भेटत राहिले. एकूण चौदा प्रयोग झाले आणि पैसे संपले म्हणून नाटक थांबलं.

नोकरी गेली नाही. मात्र करारात एक ओळ आली: संग्रहात ऐकलेली सामग्री लेखी परवानगीशिवाय सादरीकरणात वापरणार नाही. सूरसुद्धा नाही. मला ही ओळ जरा अतीच वाटते, कानाला कुलूप कोण लावणार? पण तिनं ती मान्य केली आणि भूमिकेसाठी बोली हवी असेल तर ती आता खुल्या साठ्याकडे जाते. डेक्कन कॉलेज आणि राज्य मराठी विकास संस्थेच्या बोलींच्या सर्वेक्षणात माणसांच्या तोंडच्या कथा नेटवर ऐकता येतात. ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या ऑनलाइन संग्रहातल्या जात्यावरच्या ओव्या तर लाखाच्या वर आहेत. मुलांनो, सुरुवात तिथून करा. ध्वनिमुद्रिका जमवणाऱ्यांची एक संस्थाही मुंबईत १९९० पासून आहे; तिथल्या जुन्या मंडळींच्या शेजारी बसून जे शिकायला मिळतं ते कुठल्या कोर्सात मिळेल असं मला वाटत नाही.

पैशाचं म्हणाल तर चोवीसचे आता एकतीस हजार झालेत, दिवस तेच तीन. दौऱ्याचं नाटक ती घेऊ शकत नाही; दोन चांगली हातची गेली. सात वाजताच्या तालमीला साडेसातला पोचते आणि दादरच्या पुलावर धावताना तिला मी अनेकदा पाहिलंय.

संग्रहाच्या दानपत्रावर तिच्या आग्रहानं एक नवा रकाना आला आहे: ‘या आवाजावरून नटानं भूमिका बसवली तर चालेल का? होय / नाही.’ कॅसेट घेऊन येणारे बहुतेक लोक तिथे थबकतात आणि विचारतात, म्हणजे काय? मग ती पेन खाली ठेवते आणि समोरचा माणूस आत्ता ज्या आवाजात ‘म्हणजे काय’ म्हणाला, त्याच आवाजात त्याला म्हणून दाखवते. बरेच जण हसतात आणि ‘होय’वर खूण करतात. गेल्या महिन्यात गिरगावातून एक आजी आल्या होत्या. त्याही हसल्या, अगदी डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसल्या, आणि ‘नाही’वर खूण करून फॉर्म परत दिला.